बरं वाटतं म्हणून

आमच्या घरमालकिणीला आम्ही सगळ्या मुली आपा म्हणायचो. लातूरच्या त्या गल्लीत तिला आणखीही नावं होती, पण ती तिच्या तोंडावर घ्यायची कुणाची छाती नव्हती. वय पन्नाशीच्या पुढं, अंग काटक, केसांना मेंदी. सुती साडीचा पदर कमरेला असा करकचून खोचलेला, की बाई भांडायला निघालीय असं वाटावं. खरं तर ती सायकलवर निघालेली असायची.

आधी ती सरकारी नर्स होती. औसा-निलंग्याच्या बाजूला गावोगाव फिरून लेकरांना लस टोचायची. मुदतीआधीच नोकरी सोडून घरी बसली. वडिलांच्या मागं राहिलेल्या घरातल्या चार खोल्या तिनं शिकायला आलेल्या मुलींना दिल्या. लातूरला तेव्हा क्लासचं वारं नुकतंच सुटलं होतं. जिल्ह्याजिल्ह्यातून पोरं-पोरी ट्रंका घेऊन उतरायची. पहाटे पाचला पहिला क्लास, मग कॉलेज, मग मेस, मग परत क्लास. प्रत्येकाच्या घरच्यांनी एकच ठरवलेलं असायचं : डॉक्टर. आमच्या अण्णांनीही ठरवलं होतं. गावात त्यांचं किराणा दुकान होतं. दुकानात कुणी विचारलं, की मी अजून अकरावीत असतानाच ते सांगायचे, "पोरगी डॉक्टरकीला हाय."

मी डॉक्टर झाले नाही. नांदेडला शाळेत विज्ञान शिकवते. पण ते राहू द्या.

बारावीच्या सुरुवातीला अण्णा मला घेऊन आपाकडं खोली बघायला आले. आपानं माझे मार्क विचारले नाहीत, जात विचारली नाही, स्वयंपाक येतो का विचारलं नाही. तिनं विचारलं, "सायकल येती का?"

"नाही," मी म्हणाले.

"शिकावं लागंल. सांच्याला पाचपासून सहापर्यंत खोल्यांना कुलूप असतंय. किल्ली माझ्यापाशी. त्या तासाला पोरींनी चाकावर असायचं. अभ्यास नक्को, झोप नक्को, गप्पा नक्को."

अण्णांना वाटलं, बाई गंमत करतेय. मुली क्लासला जायला सायकल शिकतात हे त्यांनाही मान्य होतं. पण आपाची अट क्लाससाठी नव्हतीच. क्लास तर चालत दहा मिनिटांवर होता. तिथं सायकल न्यायला तिची बंदी होती. "कामाला चालत जायाचं," ती म्हणायची, "सायकलला कामाला लावायचं न्हाई."

तिच्या अंगणात पाच जुन्या सायकली होत्या. भंगारातून उचलून आणून तिनं स्वतः दुरुस्त केलेल्या. पंक्चर काढायला ती कधी दुकानात गेली नाही. परातीत पाणी घेऊन ट्यूब बुडवायची आणि बुडबुडा दिसला की लेकराच्या अंगावरचा पुरळ सापडल्यासारखं "हितं हाय बघ" म्हणायची. तिच्या पर्समध्ये पावडर-कंगवा नसायचा. सोल्युशनची ट्यूब, कातरी आणि रबराचे तुकडे असायचे.

तिनं सायकल का धरली याच्या गल्लीत तीन गोष्टी होत्या. कुणी म्हणायचं, नवऱ्याला सोडून उदगीरहून ती सायकलवरच आली. कुणी म्हणायचं, नवरा नव्हताच. शेजारच्या काकू सांगायच्या, डोक्यावर परिणाम झालाय. मी एकदा धीर करून तिलाच विचारलं. ती चेनला तेल घालत होती. मान वर न करता म्हणाली, "बरं वाटतं म्हणून."

"एवढंच?"

"एवढंच म्हणजे? तुझ्या गावातल्या कुठल्या बाईनं नुस्तं बरं वाटतं म्हणून केलेली एक गोष्ट सांग. एकच सांग."

मी विचार करत बसले. आई, काकू, शेजारपाजारच्या बाया सगळ्या डोळ्यांसमोरून गेल्या.  आपानं तेलाची बाटली बंद केली आणि आत निघून गेली.

शिकवताना ती फार वाईट होती. मागून धरायची नाही. माळावर नेऊन सायकल हातात द्यायची आणि आपली बाजूला उभी. "पड," म्हणायची. "लवकर पड. एकदा पडलीस की झालं." मी पडले. गुडघे फुटले, कोपर सोलला, आणि क्लासमध्ये पुढच्या बाकावर बसायची ती मी मागं बसायला लागले. आठव्या की नवव्या दिवशी काय झालं कुणास ठाऊक, पाय आपोआप फिरायला लागले. मी माळाच्या टोकापर्यंत गेले, वळले, परत आले. कानात वारा वाजत होता. एका बाजूला क्लासच्या पाट्या, दुसऱ्या बाजूला नुसती मोकळी पांढरट जमीन आणि वर केवढंतरी आभाळ. मी मोठ्यानं हसत होते हे मला आपाच्या तोंडाकडं बघून कळलं. त्या वर्षी मी जे जे केलं त्या सगळ्याला मार्क होते. याला मार्क नव्हते.

पण आपाची गोष्ट नुसती गोड करून सांगणं खोटं होईल. तिच्या हट्टाची किंमत उदगीरच्या शोभानं दिली.

शोभा माझ्याच खोलीत राहायची. वडिलांचा उदगीरला आडतीचा धंदा. हुशार मुलगी, पण भित्री. नागपंचमीच्या सुमारास ती माळावरच्या उतारावरून घसरली आणि उजवं मनगट मोडलं. आपानं तिथंच दोन फळ्या लावून हात बांधला, दवाखान्यात नेलं, प्लॅस्टर होईपर्यंत हलली नाही. दुसऱ्या दिवशी शोभाचे वडील जीप भरून माणसं घेऊन आले. सगळी गल्ली गोळा झाली.

"पोरीला डॉक्टर करायला धाडलं होतं, सर्कशीत न्हाई!" ते ओरडले. "हात गेला, तर वर्ष गेलं. जबाबदार कोण?"

"मी," आपा म्हणाली.

ते आणखी भडकले. त्यांना वाद हवा होता, आणि आपा वाद घालत नव्हती. माफीही मागत नव्हती. ते शोभाला तेव्हाच घेऊन गेले आणि दुसऱ्या एका होस्टेलात ठेवलं. आठवडाभरात आणखी दोन मुली गेल्या.

त्यानंतरच्या सोमवारी पहाटे पाचच्या केमिस्ट्रीच्या क्लासला दीडशे पोरापोरींच्या मागच्या बाकावर आपा येऊन बसली. हातात दोनशे पानी वही. सर थबकले. "बाई, आपण?"

"शोभाच्या जागी," आपा म्हणाली. "तिचा हात बरा होईस्तोवर मी लिहिणार."

पोरं हसली. सरांनी काय विचार केला माहीत नाही, पण त्यांनी फळ्याकडं तोंड फिरवलं आणि शिकवायला लागले. आपाला केमिस्ट्रीतलं ओ की ठो कळत नव्हतं. ती फळ्यावरचं जसंच्या तसं उतरवायची. रिअॅक्शनचे बाण ती इतक्या निगुतीनं काढायची की चिमण्या ओळीनं बसल्यात असं वाटायचं. रोज दुपारी ती वही शोभाच्या होस्टेलच्या दारात ठेवायची आणि परत यायची. सव्वा महिना. शोभाच्या वडिलांना हे कळलं तेव्हा ते आले, आपाच्या दारात उभे राहिले आणि परत गेले.

ही बातमी आमच्या गावापर्यंत पोहोचायला पोळा उजाडला. अण्णा तडक लातूरला आले. आपासमोर त्यांचा आवाज चढला नाही, पण मला बाहेर बोलावून म्हणाले, "सायकल बंद. आजपासून. दसऱ्याला दुसरीकडं खोली बघतो. तवर जपून ऱ्हा."

मी हो म्हणाले. आणि पाच ते सहा जातच राहिले. आपाला मी खोटंच सांगितलं, की अण्णांची हरकत नाही.

गणपती बुडवले त्याच्या दुसऱ्या दिवशी आमची टेस्ट होती, म्हणून मी सणाला गावी गेले नव्हते. त्या पहाटे सगळं हललं. आम्ही मुली अंगणात धावलो. भिंतीला लावलेल्या सायकली एकमेकींवर कोसळल्या. घर उभं राहिलं. उजाडेपर्यंत गल्लीत नुसत्या अफवा होत्या. मग नाव ऐकू आलं, किल्लारी. आमचं गाव औशाच्या पुढं, किल्लारीच्या अलीकडं, सडकेपासून आत होतं. मी एसटी स्टँडकडं पळाले. तिकडची एकही गाडी सुटत नव्हती. फोन लागत नव्हते. मी परत येऊन पायरीवर बसले.

आपानं पिशवीत कापूस, पट्ट्या, कातरी, औषधाची बाटली, पाणी आणि पंप भरला. दोन सायकली काढल्या.

"ऊठ."

"आपा, चाळीस किलोमीटर आहे."

"मग उशीर कशाला? रडायचं असंल तर पेडल मारता मारता रड."

माझ्या आठवणीत तो रस्ता तुकड्यातुकड्यांनी आहे. लातूरच्या बाहेर जीप, ट्रक, ट्रॅक्टर, मोटारसायकली, सगळ्यांचं तोंड एकाच दिशेला. काही मदतीला निघालेले, काही नुसते बघायला. औशाच्या पुढं एका पुलाशी सगळंच थांबलं. एक ट्रक आडवा झाला होता आणि मागं हॉर्नचा नुसता कालवा. आम्ही सायकली उचलून ओढ्यातून पलीकडं नेल्या. तिकडून एक माणूस चालत येत होता. अंगावर फक्त चड्डी आणि केसांत माती. तो म्हणाला, "बायांनो, कुठं निघालाव? पुढं काय न्हाई ऱ्हायलं."

"न्हाई ऱ्हायलं तर न्हाई ऱ्हायलेलं बघतो," आपा म्हणाली आणि टांग मारली.

सडकेच्या कडेच्या एका गावाशी लिंबाच्या झाडाखाली माणसं निजवलेली होती. एक म्हातारी ओरडली, "नर्सबाई! नर्सबाई आली!" आपानं त्या गावात वर्षानुवर्षं लस टोचली होती. ती उतरली. एका दोन-तीन वर्षांच्या मुलीचं डोकं फुटलं होतं. आपानं गुडघे टेकले, कापसाचा बोळा जखमेवर दाबला आणि मला म्हणाली, "तू हो पुढं."

"एकटी?"

"हाव. आठ किलोमीटर राहिलं असंल."

"आपा, तुम्ही चला ना. मला भीती वाटते."

तिनं माझ्याकडं बघितलं. हात त्या पोरीच्या डोक्यावरून काढला नाही. "मी हितनं उठले तर ही मरंल. तू हितं थांबलीस तर तुला काय कळायचं न्हाई. जा."

मी गेले. पण मला तिचा इतका राग आला होता, की तो पुढं कितीतरी वर्षं पुरला. एवढ्या लांब आणलं आणि नेमक्या वेळी हात सोडला, असं मला वाटलं होतं.

त्या आठ किलोमीटरमधली एक गोष्ट मी फार दिवस कुणाला सांगितली नाही. आमच्या गावाकडं वळलं, की एक लांब उतार आहे. दोन्ही बाजूला हायब्रीड ज्वारी कमरेच्या वर आलेली, ऊन चढलेलं, रस्त्यावर माझ्याशिवाय कुणी नाही. मी पेडल मारायची थांबले आणि सायकल आपली निघाली. आणि मला बरं वाटलं. उतार संपेपर्यंतच, अर्धा-एक मिनिट. आई-अण्णा जिवंत आहेत की नाहीत हे मला माहीत नव्हतं आणि माझं अंग हलकं झालं होतं, केस उडत होते, आणि मला बरं वाटलं. खाली आल्यावर मी सायकल थांबवून ओकले.

पुढं हे मी आपाला सांगितलं तेव्हा मला वाटलं ती तोंड फिरवेल. ती म्हणाली, "मग? पायाला काय म्हाईत, गावात काय झालंय ते. एवढं मनावर घेऊ नक्को."

गाव ओळखू येत नव्हतं. आमच्याकडची घरं दगडमातीची, वर मातीचं जड माळवद. सगळी बसली होती. गल्ली कुठली, घर कुठलं, काही कळेना. हातपंपावरून मी अंदाज धरला. आमच्या ढिगाऱ्यापाशी आई बसली होती, डोक्यापासून पायापर्यंत पांढरी. म्हैस व्यायला झाली होती म्हणून ती त्या पहाटे गोठ्यात होती. म्हणून वाचली. शेजारच्या भिंतीआड राहणारे माझे काका, काकू आणि त्यांची दोन मुलं वाचली नाहीत. आई रडत नव्हती. तिनं माझ्याकडं बघितलं आणि म्हणाली, "अण्णाकडं बघ."

अण्णांना लोकांनी ओढून काढलं होतं. डावा पाय गुडघ्याखाली तुळईनं चिरडला होता. कुणीतरी धोतर गुंडाळलं होतं, ते भिजून काळं झालं होतं. ते शुद्धीत होते. मला बघून त्यांना आधी कळेना. मग म्हणाले, "कशी आलीस?"

"सायकलवर."

त्यांनी डोळे मिटले.

गावात गाडी येऊ शकत नव्हती, ओढ्याचा रस्ता खचला होता. रक्त थांबत नव्हतं. मी सायकल फिरवली. येताना जो उतार होता तो आता चढ होता. छातीत कळ येत होती. मध्ये चेन पडली. ती चढवायला चार वेळा प्रयत्न करावा लागला. लिंबाच्या झाडाशी पोहोचले तेव्हा तिथं एक डॉक्टर जीप घेऊन पोहोचला होता आणि ती लहान मुलगी त्याच्या मांडीवर रडत होती. रडत होती म्हणजे जिवंत होती. आपा हात धुवत होती. मी काही बोलायच्या आत तिनं माझा चेहरा वाचला आणि सायकल उचलली.

परत येताना ती माझ्या पुढं होती. पन्नाशीची बाई, पदर कमरेला, आणि मी तिला गाठू शकत नव्हते.

अण्णांच्या मांडीवर तिनं पट्टी आवळली, काठी घालून पिळली. ते किंचाळले. "ओरडा," ती म्हणाली, "ओरडून घ्या. पाय जाईल, अण्णा. माणूस ऱ्हाईल." मग सहा जणांनी त्यांना बाजेवर घालून सडकेपर्यंत नेलं. आपानं पूर्ण वाट ती काठी हातात धरून ठेवली होती.

सोलापूरच्या दवाखान्यात अण्णांचा पाय काढला. माणूस राहिला.

हिवाळा लागला तेव्हा आम्ही गावाबाहेर पत्र्याच्या शेडमध्ये होतो. दिवसा तापायचं, रात्री गारठायचं. माझी पुस्तकं लातूरला होती आणि माझ्या डोक्यात काहीच नव्हतं. मी पाणी भरायचे, अण्णांची पट्टी बदलायचे, आईला जेवायला लावायचे. आईचे भाऊ, आमचे मामा, येऊन राहिले होते. त्यांनी देगलूरचं एक स्थळ आणलं होतं. मुलगा खतांच्या दुकानात होता, माणसं चांगली होती. "आता शिक्षण कसलं करता?" मामा म्हणायचे. "पोरगी एका जागी लागू द्या. तुमचा भार कमी होईल." अण्णा ऐकून घ्यायचे. हो म्हणायचे नाहीत, नाही म्हणायचे नाहीत.

दर रविवारी आपा यायची. चाळीस किलोमीटर. कॅरियरला वह्या बांधलेल्या. ती आता माझ्या जागी क्लासला बसत होती. वह्या माझ्या पुढ्यात ठेवायची, चहा प्यायची, अण्णांच्या जखमेवर नजर टाकायची आणि उलट पावली निघायची. मी वह्या उघडत नव्हते. तिला ते दिसत असणार. बोलली कधी नाही.

देगलूरची माणसं बघायला यायची होती त्याच्या आदल्या रविवारी ती आली तेव्हा मामा दारातच होते. त्यांनी तिला बसा म्हटलं नाही.

"बाई, तुमी येता ते ठीक हाय," मामा म्हणाले. "पण पोरीच्या डोक्यात आता काय भरू नका. उद्या पाव्हणे येणार हायत."

आपानं वह्या सोडल्या आणि खाटेवर ठेवल्या. मग अण्णांकडं बघितलं. अण्णा पत्र्याला टेकून बसले होते.  पत्र्यावर एक कावळा नाचत होता, त्याच्या नखांचा आवाज येत होता.

"आपा," अण्णा म्हणाले, "मी हिला सायकल बंद कर म्हणलो होतो."

 आपानं माझ्याकडं बघितलं. मी सांगितलेलं खोटं तिला तेव्हा कळलं.

"मला म्हाईत नव्हतं," ती म्हणाली.

"पोळ्याला म्हणलो होतो. हो म्हणाली होती." अण्णा थांबले. "त्या दिशी तिनं माझं ऐकलं असतं, तर..."  त्यांनी तोंडावरून हात फिरवला. मग म्हणाले, "घेऊन जावा तिला. परीक्षा देऊ द्या."

"भावजी!" मामा ओरडले. "पाव्हण्यांना मी काय तोंड दाखवू?"

"सांगा की, पोरीचा बाप न्हाई म्हणाला."

मला वाटलं आपा आता माझा हात धरेल. ती उठली. पदर खोचला. "मी न्हाई न्यायची," ती म्हणाली. "एकदा मी आणली तिला हितवर. आता यायचं असंल तर तिची ती येईल." आणि सायकल वळवून ती निघून गेली. मागं बघितलंसुद्धा नाही.

आम्ही चौघं तिथंच. मामा माझ्याकडं बघत होते. मी आईकडं बघितलं. भूकंपाच्या त्या दिवसानंतर आईनं आपणहून एक शब्द काढला नव्हता. ती उठली आणि डब्यात भाकरी बांधायला लागली. मी वह्या पिशवीत भरल्या. माझी सायकल शेडच्या मागं दोन महिने तशीच पडली होती, ती पुढं आणली. तेव्हा अण्णा कुबडीवर जोर देऊन उठले. पहिल्यांदाच, कुणाच्या आधाराशिवाय. लंगडत आले आणि मागच्या चाकावर अंगठा दाबून बघितला.

"हवा कमी हाय," म्हणाले.

शेजारच्या शेडमधून त्यांनी पंप मागून आणवला आणि खाली बसून स्वतः हवा भरली. नळी निघू नये म्हणून मी धरून होते. आमची डोकी जवळ होती. ते माझ्याकडं बघत नव्हते. चाक टणक झालं तेव्हा त्यांनी त्यावर दोनदा थाप मारली, म्हशीच्या पाठीवर मारतात तशी.

मी निघाले तेव्हा आपाला जाऊन अर्धा तास झाला होता. मला वाटलं होतं ती सडकेच्या तोंडाशी थांबली असेल. नव्हती. लिंबाच्या झाडाशी असेल. तिथंही नव्हती. मी जीव खाऊन पेडल मारत होते, डबा कॅरियरवर खडखडत होता. औसा जवळ आलं तेव्हा लांबवर एक पाठ दिसली. ती सावकाश, एका लयीत चालली होती, जणू तिला कुठं पोहोचायचंच नव्हतं. मी घंटी वाजवली नाही. तिनंही वळून बघितलं नाही. मी अगदी मागं पोहोचले तेव्हा तिनं हँडल जरासं डावीकडं घेतलं आणि शेजारी एका सायकलपुरती जागा केली.